कोट हजर आहे

किसुमूत कोट अंगात घालायची हौस कुणालाच नसते. तलावावरून असा दमट उकाडा येतो की सकाळी दहाला बनियन पाठीला चिकटलेलं असतं. तरीही सरकारी ऑफिसात काम करणाऱ्या प्रत्येकाकडे एक कोट असतोच असतो. तो घालायचा नसतो, खुर्चीच्या पाठीवर टाकायचा असतो. खुर्चीवर कोट आहे म्हणजे माणूस आलाय. आत्ता दिसत नसेल, पण आहे इथेच कुठेतरी. चहाला गेला असेल, पोस्टात गेला असेल, वरच्या मजल्यावर फाइल शोधत असेल. साहेबाने दारातून मान आत घालायची, कोट मोजायचे आणि पुढे जायचं. माणसं मोजत बसायला वेळ कुणाला आहे.

झाब्लोन ओगुतूचा कोट त्याच्या बायकोने आणला होता. आवीतीचं शिवणकाम. कॉलनीतल्या दोन खोल्यांपुढच्या ओट्यावर तिचं पायाचं मशीन असायचं आणि तोंडात टाचण्या धरून ती येणाऱ्याजाणाऱ्याशी बोलायची. जुन्या कपड्यांच्या बाजारात ढीगच्या ढीग उपसून तिने तो तपकिरी चौकडीचा कोट निवडला, फाटकं अस्तर उसवून नवं लावलं, बाह्या अर्धं बोट आखूड केल्या. नवऱ्याच्या अंगात घालून बघितला, दोन पावलं मागे सरकून मान वाकडी केली आणि म्हणाली, "साहेब दिसता की हो." ओगुतू लाजला. त्यानंतर कितीतरी वर्षं तो कोट त्याच्या अंगाला लागला नाही.

ऑफिस होतं विहिरी आणि बोअरच्या नोंदी ठेवणारं. गावोगावचे लोक अर्ज करायचे की आमच्याकडे पाणी नाही, बोअर पाडून द्या. ओगुतूचं काम त्या अर्जांना उत्तर द्यायचं. मिशनच्या शाळेत शिकलेला, अक्षर मोत्यासारखं, आणि पहिली दोन वर्षं तर अंगात वारं भरल्यासारखा काम करायचा. अर्ज आला की सायकल काढून थेट त्या गावाला जायचा. घरी येऊन पायावरची धूळ न झटकताच सांगायचा, "आलेगोकरीण, तिथल्या बायका पहाटे निघतात आणि ऊन डोक्यावर आल्यावर घागर घेऊन परत येतात. त्यांचं आधी व्हायला पाहिजे." आलेगो हे आवीतीचं माहेर, तो तिला नावाने हाक मारत नसे. ती म्हणायची, "मग करा ना. तुम्हीच तर ऑफिस आहात." तिला तेव्हा खरंच तसं वाटायचं. त्यालाही वाटायचं, हेच तर वाईट.

मग एका साहेबाने त्याला बोलावून शांतपणे समजावलं. अर्ज बघायला जायचं नाही, अर्जाला उत्तर द्यायचं. उत्तरही छापील होतं. आपला अर्ज मिळाला, विषय विचाराधीन आहे. खाली सही. कुठल्या भागात आधी बोअर पाडावेत याचं ओगुतूने सहा पानी टिपण लिहून वर पाठवलं होतं. ते त्याला चार वर्षांनी दिसलं, साहेबांच्या टेबलफॅनच्या पायाखाली, चौघडी करून घातलेलं, पंखा डुगडुगू नये म्हणून. त्याने ते तिथेच राहू दिलं. घरी आल्यावर हसत हसत सांगितलं, आणि आवीती हसली नाही म्हणून तिच्यावरच रुसला. एरवी असा खट्टू झालेला माणूस दारू पिईल, भांडेल, दुसऱ्याच्या नावाने बोटं मोडेल. हा नुसता गप्प झाला. एकवीस वर्षं विचाराधीन, विचाराधीन करत राहिला आणि आवीतीनेही मनाशी धरलं की बरंय, नोकरी आहे, पोरगी शिकतेय, आणखी काय हवं.

त्या वर्षी मार्चमध्ये ओगुतूची आई गेली. सेमेला, त्यांच्या गावी. रजेचा अर्ज नैरोबीच्या मुख्य ऑफिसात जाणार, तिथून परत येणार, तोवर माती होऊन गवत उगवलं असतं. म्हणून सगळे करतात तेच त्याने केलं. कोट खुर्चीवर ठेवला, टायपिस्ट न्याबोकेबाईंच्या कानावर घातलं आणि गावी गेला. पुरणं, पाहुणे, भावाबरोबर घराची डागडुजी, सगळं उरकून एकोणीस दिवसांनी परतला. सगळ्या वाटेत तो हिशेब करत आला. टेबलावर अर्जांचा डोंगर असेल, साहेबांनी शोधाशोध केली असेल, मेमो निघाला असेल.

काही म्हणजे काही नव्हतं. अर्जांचा डोंगर होता, पण त्याबद्दल कुणी चकार शब्द काढला नव्हता. आत्ताचे साहेब, म्वाकिओ, जिन्यात भेटले, म्हणाले, "ओगुतू, या महिन्यात तुमची एकही तक्रार नाही हं. असंच चालू द्या." आठवड्याने वर्षाचा अहवाल आला. त्यात लिहिलं होतं, हजेरी उत्तम, स्वभाव शांत, कुणाला त्रास नाही.

"बघ, एकोणीस दिवस मी नव्हतो," तो त्या संध्याकाळी चहा घेताना म्हणाला. "तो होता. त्याचा रिपोर्ट माझ्यापेक्षा चांगला आला."

"कोण तो?"

"कोट गं."

आवीती खळखळून हसली. किती महिन्यांनी नवरा विनोद करत होता. तिने शेजारणीला बोलावून त्याला तो पुन्हा सांगायला लावला, शेजारीणही हसली. पुढे ती या हसण्याबद्दल स्वतःला बोल लावायची, पण तेव्हा कुणाला काय कळणार.

त्यानंतर त्याला चाळाच लागला. एक दिवस कोट ठेवून तो तलावाकाठी मासळीबाजारात जाऊन बसला. कुणी विचारलं नाही. मग दोन दिवस. मग आठवडा. रोज घरी येऊन सांगायचा, आजही नाही. बोलताना गुडघा सारखा हलायचा, चहाची बशी वाजायची. "अहो, बरंच आहे की," आवीती म्हणाली, "लोक रजेसाठी हातापाया पडतात, तुम्हाला फुकट मिळतेय." तो म्हणाला, "फुकट नाही मिळत, आलेगोकरीण." आणि उठून येरझाऱ्या घालायला लागला. दोन खोल्यांच्या घरात येरझाऱ्या त्या किती घालणार. मशीनला अडखळायचा, वळायचा, पुन्हा अडखळायचा.

मग त्याने उलटा प्रयोग केला. कोट घरी ठेवला आणि स्वतः ऑफिसात जाऊन बसला. सकाळपासून खुर्चीतून हलला नाही, लघवीलासुद्धा उठला नाही. अकराला म्वाकिओ साहेबांनी दारातून मान घातली.

"ओगुतू कुठे गेलेत?" त्यांनी विचारलं. ओगुतूकडे बघूनच विचारलं.

"साहेब, मी इथेच आहे."

"हो, हो. पण कोट दिसला नाही, म्हणून म्हटलं."

आणि ते गेले. दुपारी हजेरीपुस्तक आलं, त्यात ओगुतूच्या नावापुढे गैरहजर. तो ते पुस्तक घेऊन साहेबांकडे धावला. साहेब बिचारे वाईट नव्हते. म्हणाले, एकदा लिहिलेलं मला खोडता येत नाही, तुम्ही अर्ज द्या. ओगुतूने अर्ज दिला की अमुक तारखेला मी माझ्या जागेवर हजर होतो. पंधरा दिवसांनी उत्तर आलं. त्याच्याच टेबलावरचा छापील कागद, फक्त सही दुसऱ्याची. आपला अर्ज मिळाला. विषय विचाराधीन आहे.

हे न्याबोकेबाईंनी आवीतीला सांगितलं. ऑफिस सुटल्यावर ब्लाउज शिवायला टाकायच्या निमित्ताने त्या ओट्यावर आल्या, कापड मांडीवर धरून बसल्या आणि कापडाबद्दल एक शब्द बोलल्या नाहीत.

"ते उत्तर आलं ना, तेव्हापासून बिघडलंय बघा," त्या म्हणाल्या. "आम्ही सगळे हसलो. ते हसले नाहीत. आता कुणी हाक मारली की म्हणतात, ठरू द्या आधी. मी म्हटलं, काय ठरू द्या? तर म्हणे, मी त्या दिवशी होतो की नव्हतो ते. नैरोबीला गेलंय, ठरून येईल."

"थट्टा करत असतील हो."

"बाई, परवा मी त्यांना कागद द्यायला गेले. त्यांनी हात मागे घेतले. म्हणाले, माझ्याकडे कशाला, त्याला द्या. आणि कोटाच्या खिशात घालायला लावला. खिसा भरलाय आता. सगळे अर्ज खिशातच." न्याबोकेबाईंनी कापड पिशवीत परत कोंबलं. "मी आणखी कुणाला बोलले नाही. पण तुमच्या मुलीचं जमतंय ना कुठे? म्हणून आले."

मुलीचं जमत होतं, हे खरं. अकेयो नर्सिंगच्या शेवटच्या वर्षाला होती आणि बोंडोकडचा एक शाळामास्तर तिच्यावर जीव टाकत होता. ही पण त्याच्यावर. ऑगस्टच्या सुट्टीत मुलाकडची माणसं सेमेच्या घरी रीतसर मागणी घालायला येणार होती. सगळं ठीक होतं, फक्त मुलाचे चुलते होते. म्हातारे ओंदिएक. त्यांच्या शब्दाबाहेर ते घर नव्हतं आणि मुलीच्या घरात काही आहे का, हे ते चारी दिशांनी चौकशी करून बघायचे. मागे एका पुतण्याचं ठरलेलं लग्न त्यांनी मोडलं होतं, का, तर मुलीच्या आत्याला झटके यायचे. वेडाचा नुसता वास आला असता तरी ती माणसं वाटेतून परत गेली असती. आणि मागणीच्या दिवशी बापाने घरात, बापाच्या खुर्चीत बसलेलं असायला लागतं. त्याला वगळून चालत नाही.

संध्याकाळी तो कोट हातावर टाकून घरी आला, तेव्हा पहिल्यांदा तिने तो लपवला. ट्रंकेत घालून वर कुलूप. दुसऱ्या दिवशी ओगुतू उठला, आंघोळ केली, दाढी केली, दारापर्यंत गेला आणि परत येऊन पलंगाच्या कडेवर बसला. हात मांडीवर, पाय जुळवलेले. "तो गेलाच नाही," म्हणाला. "मग मी जाऊन काय करू? तिथे कुणीच नसेल." पुढ्यात ठेवलेलं मक्याच्या पिठाचं कुओन निवून घट्ट झालं, मासा तसाच राहिला. तिने विनवण्या केल्या, ओरडली, शेवटी हुंदके देऊन रडली. तो तिच्याकडे कळवळून बघत होता, पण लांबून, दुसऱ्याच्या घरातलं भांडण कानावर पडावं तसा.

मिशन हॉस्पिटलमधल्या डॉक्टरने झोपेच्या गोळ्या दिल्या, त्या घेऊन तो झोपला आणि उठला तो तसाच. सेमेहून त्याचा धाकटा भाऊ ओसेवे आला. पहिल्याच दिवशी मुळ्या उकळून दादाला अंघोळ घातली, दुसऱ्या दिवशी शिव्या घातल्या आणि तिसऱ्या दिवशी हात टेकले. "वहिनी, हा माणूस शहाण्यासारखं बोलतो," तो म्हणाला. "सगळं नीट आठवतं त्याला. आईला कुठे पुरली, कोण कोण आलं होतं, किती बैल कापले. फक्त विचारलं की दादा, तू कुठे होतास, तर म्हणतो, मी नव्हतो, मला निरोप आला होता."

आवीती शिवणारी बाई. दोन तुकडे वेगळे झाले तर ते कसे जोडायचे, हा विचार तिच्या हातातच होता. मे सरला, जून सरला आणि एका सकाळी तिला सुचलं. तिने ट्रंक उघडली, कोट झटकला, खिशातले अर्ज काढून पिशवीत भरले आणि नवऱ्यापुढे उभी राहिली.

"हा घाला."

"तो खुर्चीवरचा आहे."

"म्हणूनच घाला. तुम्ही दोघं एकाच ठिकाणी राहिलात की कुणाचा घोळ नको. ज्याला तो पाहिजे त्याला तो दिसेल, मला तुम्ही दिसाल."

ओगुतूने कोट उलटसुलट करून बघितला. मग हात बाह्यांत घातले. तिने बटणं लावली, कॉलर बसवली. तो आरशात बघत राहिला आणि कितीतरी दिवसांनी सरळ तिच्या डोळ्यांत बघून म्हणाला, "आलेगोकरीण, उकडतंय गं." आवीतीला आभाळ ठेंगणं झालं. उकडतंय असं आत असलेला माणूसच म्हणतो.

त्या दिवसापासून तो कोट घालूनच राहायला लागला. घामाने निथळायचा, पण जेवायचा, हाकेला ओ द्यायचा, अकेयो सुट्टीत घरी आली तेव्हा तिच्या परीक्षेची चौकशी केली. ऑफिसातून त्याला कुणी बोलावलं नव्हतं आणि बोलावणारही नव्हतं. न्याबोकेबाईंनी खुर्चीवर आपल्या नवऱ्याचा एक जुना कोट टाकून ठेवला होता. आवीतीने नवऱ्याला रोज बसवून घोटून घेतलं. पाहुणे आले की उठायचं, म्हाताऱ्याचा हात दोन्ही हातांत घ्यायचा, म्हणायचं, या, घर तुमचंच आहे. मुलगी कुणाची म्हणून विचारलं की म्हणायचं, माझी. तो शाळेतल्या पोरासारखा म्हणून दाखवायचा. "माझी. माझी मुलगी." एकदा म्हणताना त्याचा आवाज फुटला आणि दारामागे अकेयो तोंडावर हात घेऊन उभी होती.

ऑगस्टातल्या शनिवारी ते सेमेच्या घरी जमले. आवीतीचा जीव सकाळपासून टांगणीला. कोंबड्या, तांदूळ, चपात्या, तळलेले मासे, सगळ्या जावा राबत होत्या. ती दर पाच मिनिटांनी चुलीवरून उठून बाहेरच्या खोलीत डोकावून यायची. ओगुतू खुर्चीत बसलेला. कोट अंगात. बटणं लागलेली. कपाळावरून घाम ओघळतोय, पण बसलेला. "पाणी देऊ?" "नको. बरंय." ती परत चुलीकडे. त्याचा पाय जमिनीवर ठकठक वाजत होता, ते तिला स्वयंपाकघरापर्यंत ऐकू येत होतं.

मग रस्त्याकडून गाडीचा आवाज आला, बायकांनी स्वागताची आरोळी दिली आणि नेमकं तेव्हाच तेल तापलेलं. कढई उतरवून, हात पुसून, डोक्याचं फडकं सारखं करून ती बाहेर येईपर्यंत पाहुणे खोलीत शिरले होते.

ठकठक थांबलेली होती. खुर्चीवर कोट होता. पाठीवर नीट टाकलेला, खांदे सारखे केलेले. खुर्चीत कुणी नव्हतं.

तिने खिडकीतून बघितलं. ओगुतू बाहेर आंब्याखाली बाकावर बसला होता, गाडीबरोबर आलेल्या माणसांच्या ओळीत, पांढरा शर्ट, हात मांडीवर. इतका निवांत तिने त्याला कित्येक महिन्यांत बघितलं नव्हतं. महत्त्वाची माणसं यायची होती, हजेरी लागायची होती, म्हणून त्याने खुर्चीवर ज्याला बसवायचं त्याला बसवलं होतं. चूक कसली, ऑफिसात एकवीस वर्षं हेच बरोबर होतं.

म्हातारे ओंदिएक खोलीच्या मध्यभागी उभे होते. त्यांनी खुर्चीकडे बघितलं, कोटाकडे बघितलं, आणि डोक्यावरची हॅट हळूच काढून छातीशी धरली. ते जुन्या गावचे, ऑफिसं त्यांनी कधी बघितली नव्हती. घरच्या मालकाच्या खुर्चीवर मालकाचा कोट आणि मालक नाही, याचा त्यांना एकच अर्थ माहीत होता.

"आम्हाला कुणी कळवलं नाही," ते म्हणाले. "कधी गेले?"

कोपऱ्यात उभा असलेला ओसेवे घाबरून पुढे आला आणि त्याच्या तोंडून निघून गेलं, "मार्चमध्ये."

मार्चमध्ये आई गेली होती. खोटं बोलायला त्याला दुसरा महिनासुद्धा सुचला नाही. पाहुणे एकेक करून उभे राहिले, पुरुषांनी टोप्या काढल्या, बरोबरच्या बायकांनी तोंडावर हात घेतला. बाहेर बातमी पोचली तशी आंब्याखालची ओळही उठली. ओगुतू उठला, शर्ट खाली ओढला, सगळ्यांबरोबर आत आला आणि रांगेतून पुढे सरकत आवीतीसमोर आला. त्याने तिचा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला. अगदी तिने घोटून घेतलं होतं तसा.

"फार वाईट झालं, बाई," तो म्हणाला. "शांत माणूस होता. कुणाला त्रास नव्हता त्याचा."

आवीतीच्या मनात इतके महिने कोंडलेलं सगळं वर आलं. तिने त्याचे हात घट्ट पकडले आणि पाहुण्यांकडे वळली. लग्न मोडो, जग बुडो, तिला दुसरं काही बोलताच येईना.

"हा माझा नवरा आहे," ती म्हणाली. "हा जिवंत आहे. डोकं ठिकाणावर नाही त्याचं, पण जिवंत आहे. अकेयोचा बाप हा. हात लावून बघा."

सगळे ओगुतूकडे बघायला लागले. दाढी केलेला, स्वच्छ शर्ट, डोळ्यांत करुणा. त्याने तिच्या हातातून हात सोडवून घेतले नाहीत. मान थोडी कलती करून म्हाताऱ्यांकडे बघितलं आणि अर्जदाराला समजवावं त्या आवाजात, हलकेच बोलला.

"दुःखाने होतं असं. चार दिवस जाऊ द्या. त्यांना बसायला द्या कुणीतरी."

ओंदिएक पुढे आले. त्यांचा चेहरा वितळला होता. ज्याच्या धाकाने आवीतीने तीन महिने काढले, तो म्हातारा तिच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "पोरी, माझी बायको गेली ना, तेव्हा महिनाभर मला ती चुलीपाशी बसलेली दिसायची. मी तिच्याशी बोलायचो. घरचे घाबरायचे. यात लाज नाही काही." मग ओसेवेकडे वळून म्हणाले, "बाप नाही म्हणून मुलगी उघडी पडली असं समजू नका. आम्ही बसतो. तुम्ही चुलते आहात, तुम्ही बोला."

आणि ते बसले. पाठोपाठ सगळे बसले. सोयरीक होणार होती. आवीतीने दाराकडे बघितलं. अकेयो परकर मुठीत धरून उभी होती, डोळे भरलेले, आणि ती आईकडे बघून मान हलवत होती. नको, असं म्हणत होती की हो, हे आवीतीला आजवर कळलेलं नाही. बाहेर वीस माणसं होती ओगुतूला ओळखणारी. एकाला हाक मारली असती तरी खरं काय ते ठरलं असतं. तिने तोंड उघडलं, मुलीकडे बघितलं आणि मिटलं. मग हात सोडला.

"बसा," ती म्हणाली. "जेवण निवतंय."

पानं वाढली. ओंदिएकांनी ओगुतूला आपल्याजवळ बसवून घेतलं, तुम्ही कोण म्हणून विचारलं, त्याने सांगितलं, त्यांच्याच ऑफिसातला, एकवीस वर्षं बरोबर होतो. म्हातारे म्हणाले, मग तुम्हालाही जड जात असेल. तो म्हणाला, सवय होते. आवीती कोंबडीचं भांडं घेऊन ओळीतून फिरत होती. कोंबडीचा एक आतला तुकडा घरच्या मालकाच्याच ताटात वाढतात, तो तिने डावेत घेतला आणि नवऱ्याच्या ताटात ठेवला. वर बघितलं नाही.

ओगुतूने तो बोटांनी उचलून परत तिच्या भांड्यात ठेवला.

"हा घरच्या माणसाचा वाटा ना, बाई," तो म्हणाला. "मला नको."

आवीतीने तो डावेने रश्शाखाली ढकलला. मग शेजारच्या पानाकडे सरकली.